वीजबिलावरील दंड आणि न्यायाचे दरवाजे

न्यासाच्या महोत्सवी स्मरणिकेसाठी काही लिहावे, असे कार्यकारी मंडळाचे पत्र आले तेव्हा इतिहास, भाषा, शिक्षण असे नेहमीचे विषय मनात येऊन गेले. इंदूरसारख्या शहरात पिढ्यान्‌पिढ्या राहून मराठी जपणाऱ्या मंडळींना ते प्रिय आहेत, आणि त्यांवर आमच्याहून अधिकारी माणसे या अंकात लिहितीलच. आम्ही मात्र एक रुक्ष विषय निवडला आहे. शिक्षकाच्या दारी मोहल्ल्यातील माणसे कागद वाचून घ्यायला येतात, ही जुनी रीत आहे. पूर्वी पत्रे आणि तारा येत. आता बहुधा वीज कंपनीच्या नोटिसा येतात. त्या हातात धरलेल्या माणसाच्या चेहऱ्यावरची भीती मात्र तारेच्या काळातलीच असते.

या भीतीपोटी माणसे तीन प्रकारे वागतात, असे आमचे निरीक्षण आहे. काही जण दागिना मोडून सारी रक्कम भरून मोकळे होतात. काही नोटीस देवघरामागे किंवा कपाटाच्या फळीवर ठेवून देतात. काही जण रागाच्या भरात थेट दिवाणी न्यायालयात दावा लावतात आणि वर्ष-दोन वर्षांनी ‘हे न्यायालय यात पडू शकत नाही’ असे ऐकून परत येतात. तोवर खऱ्या दरवाजाची मुदत संपलेली असते. कायद्याने सामान्य माणसाला बरेच दरवाजे ठेवले आहेत. परंतु प्रत्येक तक्रारीचा दरवाजा वेगळा आहे, आणि तो ठराविक दिवसच उघडा असतो. ते दरवाजे कोणते, एवढेच येथे सांगावयाचे आहे.

कायदा एकच, नावे अनेक

१९१० आणि १९४८ चे जुने कायदे जाऊन आता विद्युत अधिनियम, २००३ हा देशभर लागू आहे. इंदुरात जुन्या माणसांच्या तोंडी अजून ‘विद्युत मंडळ’ असले, तरी आपल्याला वीज देते ती पश्चिम क्षेत्र विद्युत वितरण कंपनी. बडोद्याचे आप्त मध्य गुजरात वीज कंपनीचे ग्राहक आहेत, बेळगावचे हुबळीच्या कंपनीचे. गोव्यात सरकारी खातेच वीज पुरवते. दर आणि बारीक नियम राज्याराज्यांत बदलतात, पण खाली दिलेली कलमे सर्वत्र तीच आहेत. म्हणून हा लेख परगावच्या नातलगांनाही दाखवावा.

कागद हाती आला की रकमेचा आकडा पाहून धसका घेण्याआधी कलमाचा आकडा शोधावा. त्यावरून तीन जाती ठरतात : साध्या बिलाचा वाद, कलम १२६ खालील ‘अनधिकृत वापर’, आणि कलम १३५ खालील ‘वीजचोरी’.

साध्या बिलाचा वाद

वाचन चुकले, मीटर पळते आहे, जुनी थकबाकी अचानक निघाली, दर चुकीचा लावला, या तक्रारी पहिल्या जातीच्या. येथे प्रथम कंपनीच्या झोन कार्यालयात लेखी अर्ज द्यावा आणि प्रतीवर पोच घ्यावी. तोंडी तक्रार म्हणजे वाऱ्यावरची वरात. ती कोठेही नोंदलेली नसते.

बिल भरले नाही म्हणून कंपनीला लगेच तार कापता येत नाही. कलम ५६ प्रमाणे किमान पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. त्याच कलमात एक फार मोलाची तरतूद आहे. ग्राहकाने मागणीची पूर्ण रक्कम, किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी दरमहाची रक्कम, या दोहोंपैकी जी कमी असेल ती ‘निषेधासह’ भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही. उदाहरणार्थ, एखाद्या घरी सहा महिने सरासरी नऊशे रुपये बिल येत होते आणि अचानक चौदा हजारांचे आले, तर त्या महिन्यापुरते नऊशे रुपये निषेधासह भरून वाद चालवता येतो. ‘निषेधासह’ हा शब्द अर्जात स्पष्ट लिहावा. तो नसला, तर पुढे ‘तुम्ही बिल मान्य केले होते’ असे म्हणायला जागा राहते.

जुन्या थकबाकीबद्दल याच कलमाचे दुसरे उपकलम सांगते की, रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षांनंतर ती वसूल करता येणार नाही. ती बिलात सतत थकबाकी म्हणून दाखवली जात असेल तर गोष्ट वेगळी. यावर अजमेर वीज कंपनीचा एक खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. २००९ ते २०११ या काळात ग्राहकाला चुकीचा दर लागला होता. चूक लेखातपासणीत उघड झाली आणि वाढीव मागणी २०१४ मध्ये आली. फेब्रुवारी २०२० मध्ये न्यायालयाने सांगितले की, एवढ्या उशिराच्या मागणीसाठी वीज तोडण्याचे हत्यार कंपनीला वापरता येणार नाही. मात्र वसुलीचे इतर कायदेशीर मार्ग तिला बंद नाहीत. हा उत्तरार्ध लोक विसरतात. २०२१ मध्ये हरियाणातील एका गिरणीच्या खटल्यातही न्यायालयाने म्हटले की, पूर्वी चुकून कमी बिल दिले आणि नंतर फरक मागितला, एवढ्यानेच सेवेत कसूर झाली असे होत नाही. तेव्हा ‘दोन वर्षे झाली, आता सगळे माफ’ अशा भ्रमात कोणी राहू नये.

मीटरवर संशय असेल तर तपासणीचा अर्ज द्यावा. केंद्र सरकारच्या ग्राहक हक्क नियमांत २०२४ साली अशी भर पडली की, वाचन प्रत्यक्ष वापराशी जुळत नाही अशी तक्रार आल्यास कंपनीने पाच दिवसांच्या आत पडताळणीसाठी दुसरे मीटर बसवावे आणि किमान तीन महिने दोन्हींची तुलना करावी. आता घरोघर स्मार्ट मीटर बसत आहेत, त्यांच्यासाठी २०२३ ची दुरुस्ती ध्यानात ठेवावी : नव्या मीटरने नोंदलेल्या कमाल मागणीच्या आधारे, ते बसण्यापूर्वीच्या काळाचा दंड लावता येत नाही.

कार्यालयात दाद लागली नाही, तर ग्राहक तक्रार निवारण मंच आहे. आपल्या कंपनीचा मंच इंदुरातच आहे. येथे वकील लावलाच पाहिजे असे नाही, आणि निर्णय पंचेचाळीस दिवसांत व्हावा असा नियम आहे. मंचाचा निर्णय पटला नाही, तर भोपाळला विद्युत लोकपाल आहेत. सेवेतील कसूर असेल, तर ग्राहक आयोगाचा मार्गही खुला असतो. जेथे स्थायी लोकअदालत आहे तेथे तिच्याकडेही जाता येते. वीजपुरवठा ही लोकोपयोगी सेवा मानलेली असून, समेट झाला नाही तर ही अदालत गुणावगुणांवर निकालही देऊ शकते. मात्र तेथे न्यायालयात जाण्यापूर्वीच अर्ज करावा लागतो.

अनधिकृत वापर : प्रामाणिक माणसाचा फास

दुसरी जात अधिक घातक आहे, कारण तिच्यात प्रामाणिक माणसेच अधिक सापडतात. कलम १२६ मधील ‘अनधिकृत वापर’ म्हणजे चोरी नव्हे. ज्या कारणासाठी जोडणी मंजूर झाली त्याहून वेगळ्या कारणासाठी वीज वापरणे, किंवा मंजूर जागेबाहेर ती नेणे, हेही त्यात मोडते. घरगुती जोडणीवर ओटीवर पिठाची चक्की लावणे, पुढची खोली दुकानाला देणे, हे पहिल्या प्रकारचे. दुसऱ्या प्रकारात तर आपला शेजारधर्मच येतो. शेजारच्या घरी लग्न निघाले, मांडवात चार दिवे हवेत, म्हणून आपण खिडकीतून तार देतो. त्या घरची वीज तुटली आहे, परीक्षेचे दिवस आहेत, म्हणूनही देतो. मनुष्य म्हणून हे योग्यच. कायद्याच्या वहीत मात्र ते ‘मंजूर नसलेल्या जागेत वापर’ असे लिहिले जाते. मांडवासाठी तात्पुरती जोडणी मिळते. ती घ्यावी, आणि परीक्षेच्या मुलाला अभ्यासाला आपल्या घरीच बसवावे.

सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये ओरिसातील एका भात गिरणीच्या खटल्यात या दोन कलमांतील भेद स्पष्ट केला. चोरीला अप्रामाणिक हेतू लागतो; अनधिकृत वापराला तो लागत नाही. करारापेक्षा अधिक भार घेणे हेसुद्धा कलम १२६ खाली येते, असे त्याच निकालात ठरले. म्हणून ‘आमच्या मनात पाप नव्हते’ हे उत्तर येथे पुरत नाही. मनात पाप नसले, तरी कागद तपासावा लागतो.

आता क्रम पाहू. अधिकारी जागेची किंवा नोंदींची तपासणी करतो आणि तात्पुरत्या आकारणीचा आदेश देतो. आपल्याकडील हिंदी नोटिशीत त्याला ‘अनंतिम निर्धारण’ म्हणतात. हा शेवटचा शब्द नव्हे. त्यावर लेखी हरकत घेण्याचा ग्राहकाला हक्क आहे, आणि त्याचे म्हणणे ऐकून घेऊन, आदेश बजावल्यापासून तीस दिवसांत अंतिम आदेश द्यावा असे कायदा सांगतो. ज्याला आकारणी मान्य असेल त्याने सात दिवसांत पैसे भरावेत. मान्य नसेल त्याने त्याच सात दिवसांत हरकत देणे शहाणपणाचे.

हरकत कशावर घ्यावी? पुष्कळदा काळावर. अनधिकृत वापर जितके दिवस झाला तितक्याचीच आकारणी व्हावी. तो काळ ठरवता येत नसेल, तरच तपासणीपूर्वीचे बारा महिने धरावेत, असे कलम सांगते. दर मात्र त्या वर्गाच्या दराच्या दुप्पट असतो. आमच्या वर्गातील मुलांना घालतो तसे एक गणित घालू. समजा, लागू दर युनिटला आठ रुपये आणि वापर महिन्याला दोनशे युनिट. दुप्पट दर सोळा. बारा महिन्यांचे २,४०० युनिट झाले, म्हणजे आकारणी ३८,४०० रुपये. आता समजा, घरमालकिणीने शिलाईची यंत्रे चार महिन्यांपूर्वीच आणली होती आणि खरेदीची पावती तिच्यापाशी आहे. चार महिन्यांचे ८०० युनिट, म्हणजे १२,८०० रुपये. एका पावतीने २५,६०० रुपये वाचतात. शिवाय त्या काळात आधी भरलेली बिले हिशेबात धरली आहेत की नाहीत, हेही पाहून हरकतीत लिहावे.

अंतिम आदेशाविरुद्ध कलम १२७ प्रमाणे तीस दिवसांत अपील करता येते. हे अपील नेमलेल्या अपील अधिकाऱ्याकडे जाते, न्यायालयाकडे नव्हे. त्यासाठी आकारणीच्या निम्मी रक्कम आधी भरावी लागते. वरच्या उदाहरणात हरकतच न घेणाऱ्याला अपिलासाठी १९,२०० रुपये उभे करावे लागतील. हरकत घेऊन काळ कमी करून घेतलेल्याला ६,४०० रुपये. पहिल्या पायरीवरची हयगय दुसरी पायरी किती उंच करते, हे यावरून दिसेल.

येथे दोन इशारे. पहिला : संमतीने झालेल्या अंतिम आदेशाविरुद्ध अपील चालत नाही. ‘येथे सही करा, प्रकरण मिटून जाईल’ असे कोणी म्हटले, तर काय लिहिले आहे ते वाचल्यावाचून ‘मान्य’ हा शब्द लिहू नये. दुसरा : रक्कम थकवली, तर आदेशापासून तीस दिवसांनंतर शेकडा सोळा दराने सहामाही चक्रवाढ व्याज लागते. दहा हजारांचे सहा महिन्यांत दहा हजार आठशे आणि वर्षात अकरा हजार सहाशे चौसष्ट होतात. नोटीस फळीवर ठेवल्याने ती झोपत नाही. ती व्याजाने वाढत असते.

दिवाणी न्यायालयाचा दरवाजा येथे कलम १४५ ने बंद केला आहे. ग्राहक मंचाचेही तसेच. उत्तर प्रदेशातील एका प्रकरणात १ जुलै २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, कलम १२६ खालील आकारणीविरुद्धची तक्रार ग्राहक मंचापुढे चालणार नाही. सुनावणीच दिली नाही, अधिकार नसताना आदेश दिला, अशा उघड अन्यायात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात जाता येते, आणि आपल्याकडे त्याचे खंडपीठ इंदुरातच आहे. पण अपिलाची सोय असताना उच्च न्यायालय सहसा आधी तिकडेच जायला सांगते. म्हणून ती पहिली पायरी समजू नये.

चोरीचा आरोप

तिसरी जात फौजदारी आहे. तारेवर आकडा टाकणे, मीटरमध्ये ढवळाढवळ करणे, आणि हे अप्रामाणिकपणे करणे, म्हणजे कलम १३५. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. दहा किलोवॉटपर्यंतच्या भारासाठी पहिल्या वेळी दंड आर्थिक लाभाच्या किमान तिप्पट, पुढील वेळी किमान सहापट. गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र आहे. येथे घरगुती सल्ल्यावर विसंबू नये. त्याच दिवशी वकील गाठावा.

तरीही काही हक्क प्रत्येकाने जाणावेत. सूर्यास्त ते सूर्योदय या वेळेत राहत्या घराची झडती घ्यायची, तर तेथे राहणारा प्रौढ पुरुष हजर असलाच पाहिजे. घरात केवळ स्त्रिया असतील, तर त्यांनी हे नम्रपणे पण ठामपणे सांगावे. झडतीच्या वेळी घरच्या माणसाने हजर राहावे, जप्त वस्तूंची यादी मागून घ्यावी आणि ती वाचूनच सही करावी. या कलमाखाली वीज तोडल्यावर चोवीस तासांत पोलिसांत तक्रार करणे अधिकाऱ्यावर बंधनकारक आहे. आणि आकारलेली रक्कम भरल्यावर अठ्ठेचाळीस तासांत पुरवठा पुन्हा सुरू व्हायला हवा.

कृत्रिम साधन सापडले की ते ग्राहकानेच अप्रामाणिकपणे वापरले असे कायदा गृहीत धरतो, आणि तसे नसल्याचे ग्राहकाला दाखवावे लागते. यात भाडेकरू अडकतात. आधीच्या बिऱ्हाडाचा उद्योग नव्या बिऱ्हाडाच्या गळ्यात पडतो. नवे घर घेताना मीटरचे व त्याच्या मोहरेचे छायाचित्र काढून ठेवावे. मोहर तुटलेली दिसली, तर त्याच दिवशी कंपनीला लेखी कळवून पोच घ्यावी. हा एक कागद पुढे पुष्कळ बोलतो.

अशा खटल्यांसाठी विशेष न्यायालय असते. तेच नागरी देणेही ठरवते : बारा महिने किंवा निश्चित झालेला काळ, यांपैकी कमी असेल त्यासाठी, किमान दुप्पट दराने. आधी भरलेली रक्कम ठरलेल्या देण्याहून अधिक निघाली, तर जादा पैसे व्याजासह परत मिळतात. कलम १५२ खाली गुन्ह्यात तडजोडही होते. घरगुतीसारख्या जोडणीला अधिनियमातील मूळ दर किलोवॉटला चार हजार रुपये आहे. सरकारला तो अधिसूचनेने बदलता येतो. ही तडजोड निर्दोष सुटण्यासारखी मानली जाते, पण आयुष्यात एकदाच मिळते, आणि वापरलेल्या विजेचे देणे त्याने आपोआप फिटत नाही.

लोकअदालत आणि विनामूल्य वकील

वर्षातून काही वेळा भरणाऱ्या राष्ट्रीय लोकअदालतीत विजेची प्रकरणे मोठ्या संख्येने निघतात, आणि आपल्या राज्यात त्या वेळी कंपनी सवलतीही जाहीर करते. त्या प्रत्येक वेळच्या अटींवर अवलंबून असतात, म्हणून आधी कार्यालयात विचारावे. लोकअदालतीचा निवाडा न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा असतो आणि त्यावर अपील नाही. तेव्हा चूक खरोखर झाली असेल, तर समेट उत्तम. झालीच नसेल, तर केवळ सवलतीच्या मोहाने ती कबूल करू नये. चोरीचा डाग पैशाने मोजता येत नाही. शेजारी, सोयरीक, मुलांची नोकरी या सर्वांपर्यंत तो पोचतो.

आपल्या भगिनींनी एक गोष्ट विशेष लक्षात ठेवावी. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना, उत्पन्न कितीही असले तरी, विनामूल्य कायदेशीर साहाय्याचा हक्क आहे. तसाच तो अनुसूचित जाती-जमातींना, अपंगांना व औद्योगिक कामगारांनाही आहे. जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय असते. तेथे साधा अर्ज पुरतो. पापड-लोणची करून संसार चालवणाऱ्या विधवेला वकिलाच्या फीपोटी अन्याय सोसण्याचे कारण नाही.

घरी आणि न्यासात काय करावे

प्रत्येक घरी एक फाइल असावी : मंजुरीचे पत्र, निदान तीन वर्षांची बिले व पावत्या, अर्जांच्या पोची, पंचनाम्याची प्रत. नोटीस आली की पाकिटासकट ठेवावी आणि ती कोणत्या तारखेला हाती पडली ते पाकिटावर लिहावे. बहुतेक मुदती तारखेवरूनच मोजतात.

न्यासालाही हेच लागू आहे. आपले सभागृह कोणत्या वर्गाच्या जोडणीवर चालते, लग्नकार्यासाठी ते भाड्याने दिले जाते तेव्हा तो वर्ग योग्य ठरतो का, वसतिगृहाचा मंजूर भार आजच्या पंख्यांना आणि गिझरांना पुरतो का, हे विश्वस्तांनी एकदा तपासावे. दानाच्या पैशातून दंड भरावा लागणे, हे दात्यांशी बरे नव्हे. इमारत लिलावात किंवा दुसऱ्याकडून विकत घेण्याचा विचार असेल, तर जुन्या मालकाची वीज थकबाकी आधी विचारावी. नियमांत तशी तरतूद असेल, तर ती फेडल्याशिवाय नवी जोडणी नाकारता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने मे २०२३ मध्ये केरळच्या प्रकरणात ठरवले आहे.

आमची एक सूचना आहे. न्यासाच्या वाचनालयात महिन्यातून एका रविवारी दोन तास एक वकील सभासद आणि एक-दोन निवृत्त मंडळी बसावीत, आणि ज्यांना सरकारी कागद कळत नाहीत त्यांना ते वाचून दाखवावेत. सल्ला फुकट असावा, आणि येणाऱ्याची जात, मोहल्ला, सभासदत्व विचारले जाऊ नये. त्याला खर्च म्हणावा तर चहाचा. पण सात दिवसांच्या आत एक हरकत लिहिली गेली, तर एखाद्या घरचा दिवा विझायचा राहील, आणि त्या दिव्याखाली अभ्यास करणारे मूल परीक्षेला बसेल. न्यासाने आजवर पुस्तके, फी आणि औषधे दिली. पुढल्या वर्षांत ही सेवाही त्यांत मिळावी, आणि न्यासाचे कार्य उत्तरोत्तर वाढावे, अशी आमची मनःपूर्वक प्रार्थना आहे.